न आलेलं बोलावणं

लेकीकडे येऊन चार महिने झाले. सॅन फ्रान्सिस्कोत जूनमध्ये स्वेटर घालून हिंडावं लागतं, हे सांगलीत कुणाला सांगून पटत नाही. सकाळी धुकं इतकं खाली उतरतं की समोरच्या घराचा जिना दिसत नाही. पण गुडघ्यांसाठी चालणं भाग आहे, म्हणून मी रोज केझार स्टेडियमवर जातो. गोल्डन गेट पार्कच्या एका कोपऱ्यात हे मैदान आहे आणि भोवतीची धावपट्टी सगळ्यांना खुली असते. फाटकावर कुणी ‘सभासद आहात का’ विचारत नाही. मी सहा फेऱ्या मारतो. मधल्या गवतावर सीगल बसलेले असतात, ते माझ्याकडे बघतात, मी त्यांच्याकडे.

या मैदानाला बॉब सेंट क्लेअर यांचं नाव आहे. मला वाटलं, कुणी देणगीदार असेल. आपल्याकडे मैदानाला नाव म्हणजे बहुधा आमदारांच्या तीर्थरूपांचं. नातवाला विचारलं तर म्हणाला, “आजोबा, तो फोर्टीनायनर्सचा प्लेअर होता. सहा फूट नऊ इंच. कच्चं मटण खायचा.” फोर्टीनायनर्स म्हणजे सॅन फ्रान्सिस्कोचा अमेरिकन फुटबॉलचा व्यावसायिक संघ. कच्चं मटण ऐकल्यावर चौकशी करणं आलंच. जावईबापूंनी लॅपटॉप समोर ठेवला आणि माझे चार दिवस त्यात गेले.

गडी याच भागातला. समोरच्या रस्त्यावर पूर्वी पॉलिटेक्निक हायस्कूल होतं, तिथं शिकला. शाळेचे सामने केझारवर, मग कॉलेजचे केझारवर, मग व्यावसायिक संघाचेही केझारवर. सतरा हंगाम एकाच मैदानावर काढले. पण मधलं एक वर्ष तो इथं नव्हता. कॉलेजचं शेवटचं वर्ष खेळायला त्याला दूर ओक्लाहोमातल्या टल्सा विद्यापीठात जावं लागलं, कारण त्याच्या कॉलेजचा संघच बंद झाला. नापास झालेला संघ बंद झाला असता तर मी लॅपटॉप मिटला असता. पण हा संघ त्या वर्षी एकही सामना हरला नव्हता. हे काय गौडबंगाल आहे, म्हणून पुढं वाचत गेलो.

कॉलेज म्हणजे युनिव्हर्सिटी ऑफ सॅन फ्रान्सिस्को. जेझुइट पाद्र्यांची संस्था, टेकडीवर. केझारवरून स्टॅनियन रस्त्याने चढत गेलं की सेंट इग्नेशियस चर्चचे दोन मनोरे दिसायला लागतात. मी एकदा दम खात खात जाऊन आलो. संघाचं नाव ‘डॉन्स’. आपल्याकडे डॉन म्हटलं की वेगळंच डोळ्यांसमोर येतं, पण हा स्पॅनिश डॉन, म्हणजे आपल्या ‘राव’सारखा.

हंगाम १९५१ चा. महायुद्ध संपून सहा वर्षं झालेली. युद्धावरून परतलेल्यांना सरकारने शिक्षणाचा खर्च दिला होता, त्यामुळे कॉलेजच्या वर्गांत मिसरूड फुटलेली पोरं आणि तोफांचे आवाज ऐकून आलेले बाप्ये शेजारी शेजारी बसत. जिनो मार्केटी हा त्यातला. इटालियन आईबापांचा मुलगा, अठराव्या वर्षी सैन्यात गेलेला, बेल्जियमच्या बर्फातल्या त्या भयंकर लढाईत होता. १९५१ साली पंचवीस वर्षांचा. अशा माणसाला ‘समोरचा संघ तगडा आहे हं’ असं सांगून काय घाबरवणार!

हा खेळ मला अजून नीट कळत नाही, हे कबूल करतो. नातू म्हणतो, चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढं जायचं, नाहीतर चेंडू समोरच्यांना. मला तो कबड्डीसारखा दिसतो. रेडर निघाला, सात जण त्याला धरायला टपलेत, आणि त्याने काहीही करून रेषा गाठायची. फरक एवढाच की इथं रेडरच्या बाजूचे गडीही समोरच्यांना अडवून त्याला वाट करून देतात. वाट करून देणाऱ्यांची नावं पेपरात येत नाहीत. सेंट क्लेअर आणि मार्केटी हे त्या जातीचे, धक्काबुक्कीवाले.

आणि रेडर होता ऑली मॅटसन. कृष्णवर्णीय, जन्म टेक्ससमधल्या ट्रिनिटी गावचा, हायस्कूल सॅन फ्रान्सिस्कोत. नऊ सामन्यांत चेंडू घेऊन १५६६ यार्ड धावला. त्या वर्षी अख्ख्या देशात कॉलेजमधला कुणीही एवढा धावला नाही. एकवीस टचडाऊन, म्हणजे एकवीस वेळा चेंडू पलीकडच्या शेवटच्या रेषेपार नेला. शिवाय बचावालाही तोच उभा. पुढच्याच वर्षी हा माणूस हेलसिंकी ऑलिंपिकला गेला आणि ४०० मीटरमध्ये कांस्य, रिलेत रौप्य घेऊन आला. म्हणजे फुटबॉल हा त्याचा एक खेळ होता, पाय दुसऱ्या खेळाचेही होते.

दुसरा कृष्णवर्णीय गडी बर्ल टोलर, मेम्फिसचा. मॅटसन आणि टोलर आधी शहरातल्या सिटी कॉलेजात एकत्र खेळले आणि तिथून दोघेही टेकडीवर आले. टोलर बचावात खेळायचा. त्याच्या हातात सापडलेला माणूस उठताना आधी स्वतःची हाडं मोजत असणार, असं वर्णन वाचून वाटलं.

प्रशिक्षक ज्यो कुहारिच. आणि प्रसिद्धीचं काम बघायला पीट रोझेल नावाचा पंचवीस वर्षांचा पोरगा. हेच रोझेल १९६० मध्ये व्यावसायिक फुटबॉलच्या अख्ख्या लीगचे आयुक्त झाले आणि १९८९ पर्यंत त्या खुर्चीवर होते. त्या वर्षी मात्र त्यांचं काम एवढंच की पश्चिम किनाऱ्यावरच्या एका छोट्या कॉलेजचं नाव पूर्वेकडच्या पेपरवाल्यांच्या कानावर घालायचं.

ती संधी आली ऑक्टोबरमध्ये न्यूयॉर्कला, फोर्डहॅमविरुद्ध. फोर्डहॅमही जेझुइटांचंच. म्हणजे घरातलीच लढत, पण मैदानावर कुणी कुणाचं भावबंद नसतं. मॅटसनने किकऑफचा चेंडू आपल्या टोकाला झेलला आणि नव्वदेक यार्ड पळत थेट पलीकडचं टोक गाठलं. एकदा नाही, दोनदा, एकाच सामन्यात. नव्वद यार्ड म्हणजे आपल्या हिशोबाने दोनशे सत्तर फूट, अकरा जण अंगावर येत असताना. सामना ३२-२६ असा निसटता जिंकला. बाकीचे विजय असे अटीतटीचे नव्हते. सॅन होजे स्टेटला दोनदा हरवलं, आयडाहोला हरवलं, नौदल आणि मरीनच्या तळांवरच्या संघांना हरवलं, शेजारच्या सांता क्लाराला हरवलं. ते सगळे सामने काही मी सांगत बसत नाही.

स्टॉकटनचा सांगतो. कॉलेज ऑफ द पॅसिफिकविरुद्ध, नोव्हेंबरात. हंगामातली ही खरी परीक्षा मानली जात होती. डॉन्सनी ४७-१४ असा धुव्वा उडवला. मग शेवटचा सामना पसाडिनाच्या रोझ बोल मैदानात लॉयोलाविरुद्ध, २०-२. नऊ सामने, नऊ विजय. देशाच्या क्रमवारीत चौदावा नंबर.

आता हा ‘बोल’ काय ते सांगायला हवं. बोल म्हणजे वाडगा. नियमित हंगाम संपला की नव्या वर्षाच्या सुमारास मोठमोठ्या मैदानांवर खास सामने होतात, रोझ बोल, ऑरेंज बोल, शुगर बोल, गेटर बोल. त्यात खेळायला बोलावणं यावं लागतं. कोणाला बोलवायचं ते त्या त्या बोलची समिती ठरवते. बोलावणं आलं तर मान, आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे पैसा. डॉन्सना पैशाची भयंकर निकड होती. फुटबॉलवर वर्षाला सत्तर हजार डॉलरच्या आसपास तोटा होत होता. फोर्टीनायनर्सचा व्यावसायिक संघ १९४६ पासून याच केझारवर खेळायला लागला होता, लोक त्यांच्याकडे वळले होते. घरात टीव्ही आले होते. बोलावणं आलं असतं तर निदान श्वास घ्यायला जागा मिळाली असती.

बोलावणं आलं नाही.

कारण काय, तर म्हणे त्यांच्या वेळापत्रकात तगडे संघ नव्हते. हे वाचून मी एकटाच हसलो. छत्तीस वर्षं मी सरकारी कचेरीत टिपण्या लिहिल्या आहेत. असल्या कारणाचा वास मला लांबून येतो. नाव ठेवायला जागा नाही, नाकारण्याचं खरं कारण लिहायची सोय नाही, मग एक कारण तयार करतात. दिसायला तांत्रिक, वाद घालता येणार नाही असं, आणि त्यात थोडं तथ्यही असतं. वेळापत्रक सोपं होतं हे खोटं नाही. पण ज्या पॅसिफिकला या पोरांनी ४७-१४ ने लोळवलं, त्याच पॅसिफिकला एल पासोच्या सन बोलचं बोलावणं गेलं. हरलेल्याला पान वाढलं आणि जिंकलेला दारात उभा.

खरं कारण तोंडी आलं. दक्षिणेतल्या बोलच्या समित्यांना कृष्णवर्णीय खेळाडू असलेले संघ नको आहेत, अशी बातमी गेटर बोलच्या अध्यक्षांच्या हवाल्याने तेव्हाच फुटली होती. आणि खेळाडूंनी पुढं आयुष्यभर सांगितलं ते असं, की मायामीच्या ऑरेंज बोलकडून निरोप होता. या, पण मॅटसन आणि टोलर यांना घरी ठेवून या. कुहारिचनी तो मुलांना सांगितला.

जावक क्रमांक नाही, तारीख नाही, सही नाही. असे निरोप कधी कागदावर येत नाहीत. कागदावर आले की त्यांच्याशी भांडता येतं. हे मी उगाच म्हणत नाही, पुढं चारच वर्षांनी घडलं ते बघा. १९५६ च्या शुगर बोलला पिट्सबर्गच्या संघात बॉबी ग्रायर हा कृष्णवर्णीय खेळाडू होता आणि समोर जॉर्जिया टेक. जॉर्जियाच्या गव्हर्नरसाहेबांनी शहाणपणा केला आणि विरोध तारेने पाठवला, लेखी! झालं. अटलांटात जॉर्जिया टेकची गोरी पोरं रस्त्यावर उतरली, गव्हर्नरच्या प्रतिमा जाळल्या. सामना झाला आणि ग्रायर खेळला. हीच जॉर्जिया टेक १९५२ च्या जानेवारीत ऑरेंज बोल खेळून बेलरला हरवून गेली होती, ज्या ऑरेंज बोलला डॉन्स गेले नाहीत. तेव्हा मात्र जाळायला हातात कागदच नव्हता.

डॉन्सचं उत्तरही तोंडीच होतं. मी शोधत होतो की कुठं ठराव झाला, सूचक कोण, अनुमोदक कोण, किती विरुद्ध किती मतं. सवय जात नाही. तसलं काही सापडलं नाही. म्हातारपणी त्या खेळाडूंनी सांगितलं त्यात मतदान नाहीच. चर्चा नाही, दोघांना बाजूला बोलावून ‘बाबांनो, तुमचं काय म्हणणं’ असं विचारणं नाही. ते दोघं नाहीत तर आम्ही नाही, एवढंच. मार्केटी त्यात पुढं होता.

हे वाचताना मला वाटलं होतं की मॅटसनला वाईट वाटलं असेल, टोलरला राग आला असेल, त्याबद्दल कुठं काही मिळेल. पण मी अडकलो ते दुसऱ्याच गोष्टीवर. त्या दोघांना काही बोलावंच लागलं नाही. ‘तुम्ही जा रे, आमच्यामुळे तुमचं नुकसान नको’ हे वाक्य त्यांच्या तोंडी येण्याआधीच बाकीच्यांनी विषय संपवला.

ते वाक्य मी ऐकलेलं आहे. थोड्या वेगळ्या शब्दांत.

१९७९ साल. आमच्या कचेरीचा कबड्डीचा संघ होता, मी त्यात डाव्या कोपऱ्यात. आडदांड नव्हतो, पण पकड बरी होती. रेडर सदा. शिपाई म्हणून लागलेला, माझ्यापेक्षा चार वर्षांनी लहान, आणि पाय असे की धूळ उडायच्या आत परत मधल्या रेषेवर. एका गावी स्पर्धा होती. अंतिम सामना आम्ही जिंकला, म्हणजे सदाने जिंकून दिला. संध्याकाळी गावातल्या एका बड्या घरी जेवण होतं. चौकात पंगत मांडलेली. हातपाय धुतोय तोवर एक गृहस्थ आमच्या साहेबांजवळ येऊन हळूच म्हणाले, “तुमच्यातल्या एकाची सोय खालच्या आळीला केलीय.” नाव घेतलं नाही. घ्यायची गरज नव्हती.

साहेब काही बोलायच्या आधी सदाच म्हणाला, “मला भूक नाही. मी स्टँडवर थांबतो, तुम्ही या सावकाश.”

आणि आम्हाला इतकं बरं वाटलं! त्याने आम्हाला सोडवलं होतं. कुणीतरी “अरे चल की” म्हणालं, म्हणायचं म्हणून. मीच असेन कदाचित. मग आम्ही पाटावर बसलो.

त्यामुळे ही डॉन्सची गोष्ट वाचताना मला माझी जागा कुठं आहे ते नीट ठाऊक होतं. त्यांच्यापुढे आयुष्यातला सगळ्यात मोठा सामना होता. आमच्यापुढे मटणाचा रस्सा होता.

ही गोष्ट इथं सांगतात तेव्हा तिला जरा जास्त गोड करतात, असं माझं मत झालंय. मुलांनी नकार दिला म्हणून कॉलेजने फुटबॉल बंद केला, असा सरळ हिशोब मांडतात. हिशोब इतका सरळ नाही. शेजारच्या सेंट मेरीज कॉलेजने आदल्याच वर्षी संघ गुंडाळला होता. ज्यांच्याविरुद्ध डॉन्स शेवटचं खेळले त्या लॉयोलानेही त्याच हंगामानंतर दुकान बंद केलं. सांता क्लाराने पुढच्या वर्षी. छोट्या कॅथलिक कॉलेजांना हा हत्ती पोसणं परवडत नव्हतं. एका ऑरेंज बोलच्या पैशात हत्तीला किती दिवस चारा पुरला असता? वर्षभर, फार तर दोन वर्षं. पण त्या पोरांना तेव्हा हे माहीत नव्हतं. त्यांना एवढंच माहीत होतं की तिजोरी रिकामी आहे आणि मायामीला पैसा आहे. त्यांच्या नकाराचं वजन करायचं तर ते त्या दिवशीच्या तराजूत करायला हवं, आजच्या नाही.

हंगाम संपला, संघ बंद झाला. इंग्रजीत या संघाला तीन शब्दांचं एक बिरूद आहे, तिन्ही ‘अन’ने सुरू होणारे. एकही हार नाही, एकही बरोबरी नाही, एकही बोलावणं नाही. मराठीत जुळवायचा प्रयत्न केला. ‘अजिंक्य’ जमलं. शेवटच्यासाठी ‘अनाहूत’ सुचलं, पण अनाहूत म्हणजे न बोलावता येऊन बसलेला पाहुणा. हे तर गेलेच नव्हते. सोडून दिलं.

पोरं मात्र वाया गेली नाहीत. त्या एका संघातले नऊ जण व्यावसायिक लीगमध्ये खेळले. मॅटसन, मार्केटी आणि आमचे मैदानवाले सेंट क्लेअर, तिघांना त्या खेळाच्या हॉल ऑफ फेममध्ये जागा मिळाली. रोझेलनाही मिळाली. १९५९ साली लॉस एंजेलिसच्या संघाने एकट्या मॅटसनच्या बदल्यात नऊ जण दिले. नऊ! आमच्या कचेरीत बदलीला बदली एकास एक मिळताना मारामार.

टोलरचं दैव वेगळं निघालं. १९५२ मध्येच एका सामन्यात गुडघा गेला आणि खेळाडू म्हणून तो संपला. पण गडी शिक्षक झाला, याच शहरात मुख्याध्यापक झाला. आणि १९६५ साली व्यावसायिक फुटबॉल लीगमध्ये पंच म्हणून उतरला. लीगचा पहिला कृष्णवर्णीय पंच. तेव्हा आयुक्त कोण? पीट रोझेल. पंचवीस हंगाम पंचगिरी केली, सुपर बोललाही, म्हणजे त्या लीगच्या अंतिम सामन्यालाही, उभा राहिला. मला ही नेमणूक फार आवडली. रोझेलनी टोलरबद्दल टिपणीत काय शेरा मारला असेल, याचा विचार करत मी एक अख्खी फेरी जास्त मारली.

२००६ मध्ये विद्यापीठाने त्या संघाला मानद पदव्या दिल्या. पंचावन्न वर्षांनी. टोलर २००९ मध्ये गेला, मॅटसन २०११ मध्ये, सेंट क्लेअर २०१५ मध्ये, मार्केटी २०१९ मध्ये. जुनं केझार साठेक हजार लोकांचं होतं, तेही १९८९ मध्ये पाडलं. मी चालतो ते नवं, लहानसं. सीगल मात्र तेव्हाही असायचे म्हणतात, सामना संपता संपता घिरट्या घालायला यायचे.

परवा रात्री आठ वाजता सदाला फोन लावला. तिकडे सकाळचे साडेआठ. तो निवृत्त होऊन इस्लामपूरला मुलाकडे असतो. गुडघे त्याचेही गेलेत. आधी हवापाणी, नातवंडं झाली. मग त्याला ही सगळी गोष्ट सांगितली. मॅटसनच्या नव्वद यार्डांशी आलो तेव्हा म्हणाला, “दोनदा? एकाच मॅचला?” बोलावण्याशी आलो तेव्हा गप्प झाला. मला वाटलं, फोन तुटला.

“आहे मी, सांगा,” म्हणाला. “मग गेले नाहीत ते?”

“नाही गेले.”

“कुणीच?”

“कुणीच नाही.”

पलीकडे चहाचा घोट घेतल्याचा आवाज आला.

“अण्णा,” सदा म्हणाला, “त्या गावचा रस्सा झणझणीत होता ना? परत येताना एसटीत तुम्ही सगळे म्हणत होता.”